काकांचं मृत्युपत्र आणि मळ्यातली माती

काकू: वीटभट्टीवाला काल मळ्यात येऊन गेला. नदीकडच्या तुकड्यातली तीन फूट माती उचलतो म्हणतोय, पैसे रोख. माझं डोळ्याचं ऑपरेशन राहिलंय, वाड्याची मागची भिंत पण फुगलीय. देऊ का? ह्यांनी रान माझ्या नावे ठेवलंय तर कुणाला विचारायचं कारण नाही म्हणाला. मी म्हटलं पोरांना विचारते.

बाळू: काकू, रान तुमच्या हयातीपुरतं. नंतर आम्हा तिघा भावंडांचं. माती विकायची नाही. विषय संपला.

ताई: बाळ्या, नीट बोल. त्यांनी विचारलं तरी.

काकू: हयातीपुरतं म्हणजे मी भाडेकरू का रे?

दादा: छे हो काकू. भाऊजी, तुम्हीच सांगा. मृत्युपत्राचा फोटो परत टाकतो.

भाऊजी: आत्ताच कोर्टातून आलो. ऊस, भुईमूग, आंबे, वाड्याच्या पुढच्या खोलीचं भाडं, हे सगळं काकूंचं. त्यातला रुपया मागायचा कुणाला अधिकार नाही. पण मूळ वस्तू पुढच्यांच्या हातात शाबूत जायला पाहिजे. माती म्हणजे उत्पन्न नव्हे, माती म्हणजेच रान. ती उचलायला लागलात तर पुतणे मनाई हुकूम आणू शकतात. शिवाय गौण खनिजाची परवानगी लागते, ती भट्टीवाला तुमच्याच सहीने काढणार.

दादा: आणि तो तुकडा काठाचा आहे. 2019 ला सांगलीच्या आयर्विन पुलापाशी पाणी 57 फुटांच्या वर गेलेलं, धोक्याची पातळी 45. खड्डा करून ठेवला तर पुढच्या पुरात बांधासकट रान कृष्णेत.

बाळू: मग वाटेकरी उसाला पाट सोडून ठेवतो त्याचं काय? शेजारचा पट्टा क्षारपड होऊन पांढरा पडलाय. उद्या आमच्या वाट्याला मीठच येणार.

काकू: रात्रीची लाईट आली की मोटर चालू करतो आणि झोपतो मेला. सांगून थकले.

भाऊजी: बाळूचा हा मुद्दा मात्र खरा. माती विकणं डोळ्यांना दिसतं, पाण्याने रान मारणं दहा वर्षांनी दिसतं. जबाबदारी दोन्हीची आहे. वाटेकऱ्याशी दादा बोलेल, काकूंचं तो ऐकणार नाही.

ताई: आणि भिंत?

बाळू: वाड्यात काकू राहतात, त्यांनीच बघावी.

भाऊजी: घरपट्टी, पाणीपट्टी, कौलं फिरवणं, गळती काढणं हे राहणाऱ्याचं. काकू ते दरवर्षी करतातच. पण पुराने पाया खचलेली भिंत उतरवून नवीन बांधायची तर ती पुढची पन्नास वर्षं तुमच्या उपयोगाची. तो खर्च एकट्या बाईवर टाकणं मला पटत नाही.

बाळू: असं कुठल्या कलमात आहे?

भाऊजी: कलम हवंय? हिंदू वारसा कायदा 1956, कलम 14. पोटकलम 2 तुझ्या बाजूचं: मृत्युपत्राने मर्यादित हक्क दिला तर तो मर्यादितच. पण 1977 ला सुप्रीम कोर्टाने तुलसम्मा खटल्यात सांगितलं, की विधवेला तिच्या आधीपासूनच असलेल्या पोटगीच्या हक्कापोटी मिळकत दिली असेल तर लिहिलेलं बंधन गळून पडतं, ती पूर्ण मालक होते. आता फोटोतली चौथी ओळ वाच. काकांनी ‘चरितार्थासाठी’ लिहिलंय. काकू उद्या कोर्टात गेल्या तर तुझं ‘नंतर आमचं’ टिकेलच असं मी तुझा वकील असतो तरी म्हणालो नसतो.

(बाळूने मेसेज डिलीट केला)

ताई: 😶

बाळू: भिंतीचं एस्टिमेट काढा. तिघांत करू.

दादा: ऑपरेशनचे मी भरतो. काकू, रविवारी डॉक्टरांकडे नेतो तुम्हाला.

काकू: बरं. भट्टीवाल्याला नको म्हणून कळवलं. बांधावरच्या आंब्याची एक फांदी वाळलीय, ती चुलीला तोडली तर चालेल का मालक लोकांना?

बाळू: काकू 🙏