मदत हवी आहे: फक्त देवालाच मागणारी मराठी गीतं सुचवा

जय ख्रिस्त! जालन्यात आमच्या घरी शुक्रवारी संध्याकाळी पेटी-तबल्यावर प्रार्थना होते. पाऊस, नोकरी, आजारपण, सगळं मागून होतं. ते मागावंच, पण मन भरत नाही. बायबलमधल्या स्तोत्र ६३ मध्ये दावीद राजा यहूदाच्या निर्जल रानात आहे आणि त्याचा जीव तहानलाय तो देवासाठी. दुष्काळ पाहिलेल्या आम्हा मराठवाड्यातल्या माणसांना हे थेट काळजाला भिडतं. स्तोत्र ४२ मधली हरिणीही तशीच.

‘उपासना संगीत’ या ख्रिस्ती गीतांच्या पुस्तकातली ना. वा. टिळकांची पदं आम्ही गातोच. त्याखेरीज देवाचीच ओढ असलेली, अभंगाच्या चालीची गीतं कुणाला ठाऊक आहेत का? आमच्या आजीलाही म्हणता यावीत अशी. आणि गीत संपल्यावर लगेच कुणीतरी मोठ्यानं प्रार्थना सुरू करतं. तुमच्या मंडळीत थोडा वेळ शांत कसे थांबता?