तुराट्या आणि झेंडू: ही कला की कचरा?

तुराटीवाला, लातूर
लग्नाच्या स्टेजची फुलं लावतो, बारा वर्षं झाली. परवा एका साखरपुड्याला गुलाब-जरबेरा सोडून तुराट्यांचा आडवातिडवा सांगाडा उभा केला. मधे फुटलेली कापसाची बोंडं, ज्वारीची चार कणसं आणि एका कोपऱ्यात पळस. पळस संध्याकाळपर्यंत मान टाकणार हे माहीत होतं, मला तेच दाखवायचं होतं. नवरीचे मामा म्हणाले, "सरपण कशाला आणून टाकलंय?" निम्मेच पैसे मिळाले. माझं चुकलं का?

बोंडअळी
मामांचं बरोबर आहे राव! साखरपुड्यात सुकलेलं कोण बघतंय?

गोदाकाठ, नांदेड
कलेत चूक नाही, जागा चुकली. आन्या गॅलाशिओ या ब्रिटिश कलावतीनं 1991 मध्ये काचेमागं जरबेरा दाबून ठेवले आणि तसेच कुजू दिले. कुजणं हीच कलाकृती. जपानच्या अझुमा माकोतो या पुष्पकलावंतानं 2014 मध्ये बोन्साय आणि फुलं फुग्याला बांधून थेट स्थितांबरात, म्हणजे वातावरणाच्या वरच्या थरात पाठवली. सोगेत्सु परंपरेतल्या इकेबानात, म्हणजे जपानी पुष्परचनेत तर वाळक्या फांद्या, लोखंड, काहीही चालतं. पण त्यांच्याकडं मामा नव्हते.
सांगाडा कशात रोवला होता? हिरवा फोम असेल तर सोडा, त्याचा चुरा प्लास्टिकच असतो. कोंबडीजाळी गुंडाळून बादलीत बसवा.

तुराटीवाला, लातूर
फोमच होता. जाळी घरी आहे, खुराड्याची.

बोंडअळी
फोटो टाका की. सरपण बघू तरी.