क्राकोवहून एकाच दिवसात ऑशवित्झ आणि विएलिच्काची मिठाची खाण: जमेल का?

पाऊलवाट

सप्टेंबरमध्ये पोलंडमधल्या क्राकोवला दोन रात्री मुक्काम आहे. मधला एक दिवस पूर्ण मोकळा आणि निघायच्या दिवशी संध्याकाळी सहानंतरचं विमान. ऑशवित्झ-बिर्केनाऊ (दुसऱ्या महायुद्धातल्या नाझींच्या दोन छावण्या) स्मारक आणि विएलिच्काची खाण एकाच दिवसात दाखवणाऱ्या बऱ्याच सहली दिसतात: सकाळी हॉटेलवरून नेतात, रात्री आणून सोडतात, गाइड धरून. आम्ही पाच जण आहोत. त्यात एक ६८ वर्षांच्या काकू, त्यांना गुडघ्यांचा त्रास आहे, आणि एक ११ वर्षांची मुलगी.

विचारायचंय ते असं: दिवस किती लांबतो? दोन्ही ठिकाणं नीट बघून होतात की नुसती धावपळ? आणि बुकिंग करताना नेमकं काय तपासायचं?

दगडफूल

जमतं. पण तासांचा हिशोब आधी मांडून बघा.

ऑशवित्झ क्राकोवच्या पश्चिमेला साधारण ६५ ते ७० किलोमीटरवर, ओश्विएंचिम गावात. विएलिच्का बरोबर उलट्या बाजूला, आग्नेयेला १४-१५ किलोमीटरवर. म्हणजे दोन्हींच्या मध्ये अख्खं क्राकोव येतं. सकाळी जाताना सव्वा ते दीड तास, सुरक्षा तपासणीसाठी अर्धा तास, स्मारकात गाइडसह साडेतीन तास, तिथून खाणीपर्यंत पुन्हा दीड तास, खाणीत रांग आणि लिफ्टची वाट धरून तीन तास, परत अर्धा तास. बेरीज सव्वादहा ते साडेदहा तास. यात निवांत जेवायला वेळ नाही. बहुतेक सहलींत दुपारचं जेवण म्हणजे गाडीत खायचा डबा. शाकाहारी हवा असेल तर तो बुकिंगच्या वेळीच लिहून द्यावा लागतो, त्या दिवशी सकाळी सांगून उपयोग होत नाही.

आता बुकिंगचं. ऑशवित्झ स्मारकात प्रवेश मोफत आहे. पैसे लागतात ते तिथल्या मार्गदर्शकाचे. पण मोफत असला तरी प्रवेशपास आधी आरक्षित करावा लागतो आणि त्यावर व्यक्तीचं नाव असतं. दाराशी ओळखपत्राशी नाव ताडून बघतात. म्हणून सहल कंपनीला नावं पासपोर्टवर आहेत तशीच, त्याच स्पेलिंगने द्या. आपल्याकडे काही पासपोर्टवर आडनावाचा रकाना रिकामा असतो आणि वडिलांचं नाव आणि आडनाव सगळं नावाच्याच रकान्यात असतं. असं कुणाचं असेल तर ते कंपनीला आधी कळवा. सहलीच्या दिवशी मूळ पासपोर्ट जवळ ठेवा. ऐनवेळी एकाच्या जागी दुसऱ्याला नेता येत नाही.

त्याच पासमुळे आणखी एक गोष्ट होते. स्मारकात किती वाजताची आणि कोणत्या भाषेची जागा मिळेल हे सहल कंपनीच्या हातात नसतं. म्हणून कंपन्या नेमकी वेळ बऱ्याचदा आदल्या दिवशी कळवतात, आणि क्रमही उलटा होतो: आधी खाण, मग स्मारक. अटींमध्ये बारीक अक्षरांत ते लिहिलेलं असतं. म्हणून त्या दिवशी संध्याकाळी दुसरं कुठलंही बुकिंग करू नका.

निशिगंध

दगडफूल यांचा हिशोब बरोबर आहे, पण तुमच्याकडे दीड दिवस आहे ना? मग दोन्ही एकाच दिवसात कोंबायचं कारणच नाही. मधल्या दिवशी फक्त स्मारक करा आणि निघायच्या दिवशी सकाळी खाण.

खाणीला सहलीची गाडी लागतच नाही. क्राकोवच्या मुख्य स्टेशनवरून विएलिच्का रिनेक-कोपाल्निया या शेवटच्या स्टेशनपर्यंत लोकल आहे, जेमतेम अर्धा तास. उतरून काही मिनिटं चाललं की दानिवोविच शाफ्टचं (खाणीत उतरायच्या उभ्या बोगद्याचं) प्रवेशद्वार. तीच लोकल उलट दिशेने क्राकोवच्या मुख्य स्टेशनवरून पुढे थेट विमानतळापर्यंत जाते, त्यामुळे विमानाची चिंता नाही. खाणीत मोठ्या बॅगा नेता येत नाहीत, त्या हॉटेलवर किंवा मुख्य स्टेशनच्या लॉकरमध्ये ठेवा. ३०४ नंबरची बसही जाते, पण विएलिच्का क्राकोव शहराच्या हद्दीबाहेर असल्याने साधं शहरी तिकीट चालत नाही, बाहेरच्या झोनचं घ्यावं लागतं. इथे बरेच जण दंड भरतात.

खाणीत गाइडशिवाय जाताच येत नाही आणि तिकिटात गाइड धरलेलाच असतो. सकाळी ९ च्या सुमाराची इंग्रजी फेरी ऑनलाइन घेतलीत तर १२ पर्यंत वर याल.

एकत्र सहलीचा खरा तोटा पैशाचा किंवा पायपिटीचा नाही. बिर्केनाऊ बघून बाहेर पडल्यावर माणसाला काही वेळ गप्प बसावंसं वाटतं. तिथून दीड तासात मिठाची झुंबरं बघायला नेलं की दोन्ही गोष्टींवर अन्याय होतो. दुसरा दिवस नसेलच तर ठीक. तुमच्याकडे आहे.

उंबरठा

गुडघे आणि मुलगी या दोन मुद्द्यांवर सविस्तर लिहितो, कारण तेच ठरवणारे आहेत.

खाणीचा पर्यटक मार्ग लाकडी जिन्याने सुरू होतो. दानिवोविच शाफ्टच्या बाजूने ३८० च्या आसपास पायऱ्या सलग उतराव्या लागतात, आणि मग पहिल्या पातळीवर, ६४ मीटर खोलीवर पोचतो. थोड्या पायऱ्या, वळण, पुन्हा थोड्या पायऱ्या, असं चालूच राहतं. मागे-पुढे गट असतात, त्यामुळे बसायला जागा मिळत नाही. चढणीत दम लागतो, पण गुडघ्यांना उतरणच जास्त जाचते, आणि इथे ती एकदम सुरुवातीलाच आहे. पुढेही टप्प्याटप्प्याने पायऱ्या आहेत, पूर्ण मार्गावर ८०० च्या जवळपास. चालणं साडेतीन किलोमीटर. शेवट १३५ मीटरवर, तिथून वर मात्र लिफ्टने आणतात. ही खाणकामगारांची लिफ्ट आहे: अरुंद, अंधारी, माणसं खांद्याला खांदा लावून भरतात. बंद जागेची भीती असणाऱ्यांनी हे आधी माहीत करून घ्यावं. कधी गटाला दुसऱ्या, रेगिस शाफ्टमधून वर काढतात. तो गावात वेगळ्या ठिकाणी आहे, म्हणून गाडीवाल्याला भेटायची जागा आधी विचारून ठेवा.

काकूंसाठी उपाय आहे. चालण्यात अडचण असलेल्यांना खाली उतरतानाही लिफ्ट मिळते आणि मार्गाचा निवडक भाग दाखवतात, त्यात सेंट किंगाचं चॅपल येतं. पण हे खाणीकडे आधी कळवून ठरवावं लागतं. एकत्र सहलीच्या गटात ते जवळजवळ अशक्य, कारण गट वेळेला बांधलेला असतो. स्वतंत्र गेलात तर शक्य आहे. निशिगंध यांच्या सल्ल्याला हे आणखी एक कारण.

१०१ मीटर खोलीवरचं ते चॅपल नीट थांबून बघा. जमीन फरशी बसवल्यासारखी दिसते, पण ती सलग मिठातच कोरलेली आहे. भिंतींवरची शिल्पं मिठाची, झुंबरांचे लोलकही मिठाच्या स्फटिकांचे. मीठ पांढरंशुभ्र असेल अशी अपेक्षा ठेवून गेलेले गोंधळतात: खडकातलं मीठ करडं, हिरवट, ग्रॅनाइटसारखं दिसतं. शुद्ध करून घेतलेल्या स्फटिकांचे लोलक तेवढे पारदर्शक. आत वर्षभर १७-१८ अंश तापमान असतं, म्हणून सप्टेंबरमध्येही एक पातळ जॅकेट लागेल. उतरण्याआधी वरचं स्वच्छतागृह वापरून घ्या, खाली लगेच मिळत नाही.

आता मुलगी. स्मारक स्वतःच १४ वर्षांखालच्या मुलांना आणू नये असं सुचवतं. बंदी नाही, पण सूचना विचारपूर्वक केलेली आहे. ब्लॉक ४ मध्ये (ब्लॉक म्हणजे छावणीतल्या इमारती) कापलेल्या केसांचा ढीग काचेआड आहे, ब्लॉक ५ मध्ये चपला-बूट, चष्मे, नावं लिहिलेल्या सुटकेस. त्यात लहान मुलांचे बूटही आहेत. साडेतीन तास कानाला हेडफोन लावून हे ऐकणं-बघणं ११ वर्षांच्या मुलीला झेपण्यासारखं नाही. त्या दिवशी मोठ्यांपैकी एकाने तिच्यासोबत क्राकोवमध्ये थांबावं, दुसऱ्या दिवशी खाणीत सगळे मिळून जा. विशेष म्हणजे खाण मुलांना फार आवडते.

पाऊलवाट

एवढ्या सविस्तर उत्तरांबद्दल आभार. मग दोन दिवसांत वाटून घेतो, मुलीला स्मारकात नेणार नाही. आता फक्त स्मारकाची अर्ध्या दिवसाची सहल घ्यायची तर त्यात काय बघायचं? काहींची किंमत अर्ध्याहून कमी दिसतेय. आणि काकूंना स्मारकात कितपत चालावं लागेल?

दगडफूल

किमतीतला फरक सहसा दोन कारणांनी असतो. एक, स्वस्त सहलीत फक्त गाडी आणि हातात छापील पुस्तिका, मार्गदर्शक नसतोच. वर्णनात 'गाइडबुक' असा शब्द असेल तर तेच समजा. दोन, जाण्याच्या भाड्यात फक्त चालक, आणि पास तुम्ही काढायचा. तुम्हाला हवी ती सहल म्हणजे ज्यात 'स्मारकाच्या मार्गदर्शकासह इंग्रजी फेरी, ऑशवित्झ १ आणि बिर्केनाऊ दोन्ही' असं स्पष्ट लिहिलेलं आहे. गाडीतला सोबती आणि आतला मार्गदर्शक ही दोन वेगळी माणसं असतात. आत बोलायचा अधिकार स्मारकाने प्रशिक्षण दिलेल्या मार्गदर्शकालाच आहे.

मार्गदर्शकावर पैसे वाचवू नका. ऑशवित्झ १ मध्ये, म्हणजे मूळ छावणीत, निदान फलक आणि वस्तू आहेत. बिर्केनाऊत मात्र बहुतेक बराकींच्या जागी नुसती धुराडी उभी आहेत आणि दोन मोठ्या गॅस चेंबरचे अवशेष म्हणजे खचलेलं काँक्रीट. एसएसने (छावणी चालवणारं नाझी दल) पुरावा नष्ट करण्यासाठी २० जानेवारी १९४५ ला ते उडवून दिले, छावणी मुक्त झाली २७ जानेवारीला. आतपर्यंत गेलेला रेल्वेचा फलाट १९४४ च्या मे महिन्यात हंगेरीतल्या ज्यूंच्या गाड्यांसाठी तयार झाला आणि दोन महिन्यांत चार लाखांहून अधिक माणसं तिथे उतरवली गेली. हे सांगणारं कुणी नसेल तर समोर फक्त गवत, तारा आणि विटा दिसतात. एकूण किमान ११ लाख माणसं या छावणीत मारली गेली, त्यातले सुमारे १० लाख ज्यू. त्यातले बहुतेक बिर्केनाऊत. म्हणून वेळ कमी पडला की बिर्केनाऊ उरकणाऱ्या सहली मला पटत नाहीत.

उंबरठा

काकूंसाठी: ऑशवित्झ १ मध्ये खडीचे, उंचसखल रस्ते आणि ब्लॉकमध्ये दगडी जिने. पायऱ्या मधोमध झिजून खोलगट झाल्या आहेत, कठडा धरूनच चढा. लिफ्ट नाही. वरचा मजला सोडून खाली थांबायचं असेल तर मार्गदर्शकाला सुरुवातीलाच सांगा. बिर्केनाऊ तीन किलोमीटरवर आहे, मध्ये मोफत बस. तिथे दारापासून टोकाच्या स्मारकशिल्पापर्यंत जवळपास एक किलोमीटर, तेवढंच परत, आणि सावली किंवा आडोसा नाही. पाऊस असेल तर चिखल. छत्रीपेक्षा रेनकोट बरा, पायात घट्ट बूट. काकूंनी दाराजवळचा भाग बघून तिथेच थांबलं तरी चालेल.

बॅग ३५ × २५ × १५ सेंटिमीटरपेक्षा मोठी असेल तर आत नेता येत नाही. पाठीवरची नेहमीची सॅक बहुधा यात बसत नाही, गाडीत ठेवा. फोटो फ्लॅशशिवाय चालतात, पण केस ठेवलेल्या दालनात आणि ब्लॉक ११ च्या तळघरात अजिबात नाही. खाणं आत काढू नये. वेळेच्या अर्धा तास आधी दाराशी हजर राहा, उशीर झाला तर गट थांबत नाही आणि पुढच्या फेरीत जागा असेलच असं नाही.

निशिगंध

वळिवड्याच्या पोलिश छावणीमुळे बरेच मराठी लोक विचारतात म्हणून लिहिते: दुसऱ्या महायुद्धात कोल्हापूरजवळ राहिलेले ते निर्वासित ऑशवित्झमधले नव्हते. सोव्हिएत सत्तेने पूर्व पोलंडमधून हद्दपार केलेली ती कुटुंबं होती. स्मारकात त्यांचा माग लागणार नाही.

युद्धाचा धागा खाणीतही आहे. १९४४ मध्ये जर्मनांनी विएलिच्काच्या खाणीत विमानांच्या सुट्या भागांचा कारखाना हलवायचा प्रयत्न केला आणि त्यासाठी क्राकोवच्या प्वाशूफ छावणीतले ज्यू कैदी राबवले. पर्यटक मार्गावर यावर फारसं बोलत नाहीत, विचारलंत तर मार्गदर्शक सांगतात. आणि स्मारकाची सहल आत्ताच आरक्षित करा. सप्टेंबरमधल्या इंग्रजी फेऱ्या लवकर भरतात, खाणीची तिकिटं त्यानंतर काढलीत तरी चालेल. फक्त काकूंच्या लिफ्टचं खाणीला लिहून विचारा आणि त्यांचं उत्तर आल्याशिवाय ती तिकिटं काढू नका.