कोकण, विदर्भ, चांगथांग : 'डोंगराळपणा' कसा मोजायचा?

प्रश्न
भारतातल्या प्रदेशांची उंची आणि चढउतार क्यूजीआयएस या नकाशांच्या सॉफ्टवेअरमध्ये ताडून पाहतोय. कार्टोसॅट उपग्रहाचा ३० मीटरचा डीईएम (दर ३० मीटरच्या चौकोनाची, म्हणजे पिक्सेलची, उंची देणारा नकाशा) घेतला. कोकण किनाऱ्यावर उंची उणे ६०च्या आसपास येते, उतार जिथेतिथे ८९ अंश. वर सरासरी उंचीने क्रम लावला की लडाखचं चांगथांग सगळ्यात डोंगराळ ठरतं! गडबड कुठे आहे?

उत्तर १
उणे ६० बरोबरच आहे. ती उंची समुद्रसपाटीपासूनची नाही, डब्ल्यूजीएस८४ लंबगोलापासूनची (पृथ्वीच्या गणिती आकारापासूनची) आहे. आपल्याकडे जिओइड (सरासरी समुद्रसपाटीचा पृष्ठभाग) त्याच्या खाली असतो. महाराष्ट्रात साठेक मीटर, दक्षिणेकडे आणखी. म्हणून देशभर सरसकट ६० मिळवू नका. ईजीएम२००८ या जिओइडच्या मॉडेलचा ग्रिड घेऊन डीईएममधून वजा करा (ग्रिडचे आकडे उणे, त्यामुळे उंची वाढते). एवढा खटाटोप नको असेल तर कोपर्निकसचा ३० मीटरचा डीईएम घ्या, तो ईजीएम२००८वरच आहे.

८९ अंशांचं कारण वेगळं. पिक्सेल अंशांत, उंची मीटरांत, म्हणून उतार भलताच येतो. आधी यूटीएममध्ये (मीटरांत मोजणाऱ्या नकाशा-पद्धतीत) आणा : ७८ अंश पूर्वेपर्यंत झोन ४३ उत्तर, नागपूर-गडचिरोलीला झोन ४४ उत्तर. रीसॅम्पलिंग (पिक्सेल नव्याने बसवण्याची पद्धत) बायलिनियर ठेवा, म्हणजे शेजारच्या पिक्सेलांवरून उंची काढली जाते. निअरेस्ट नेबरने (सर्वांत जवळच्या पिक्सेलचा आकडा जसाच्या तसा उचलल्याने) उताराच्या नकाशावर पट्टे उमटतात.

उत्तर २
सरासरीचा नाद सोडा. चांगथांग चार हजार मीटरच्या वर आहे खरं, पण दऱ्यांचे तळ रुंद, सपाट. उलट सह्याद्रीत कळसूबाईसुद्धा १६४६ मीटरच, तरी कोकणकडा काही किलोमीटरांत शेकडो मीटर कोसळतो. हा फरक स्थानिक उठावात (आसपासच्या सर्वांत उंच आणि सखल जागेच्या उंचीतल्या फरकात) दिसतो : ग्रास सॉफ्टवेअरचं आर.नेबर्स, पद्धत रेंज, खिडकी ३३ पिक्सेलांची (विषम आकडाच लागतो, ३० मीटरला साधारण १ किमी). मग झोनल स्टॅटिस्टिक्समध्ये (प्रदेशवार आकडेवारीत) मध्यक, म्हणजे मधला आकडा, बघा. समुद्राचे पिक्सेल आधी नोडेटा करा (मोजणीतून वगळा), नाहीतर कोकण फुकट सपाट होतं.

उत्तर ३
जिल्ह्यांच्या सीमा वापरत असाल तर तेही बदला. साताऱ्यात महाबळेश्वर आणि माणचा माळ एकाच आकड्यात कोंबले जातात. किनारपट्टी, घाटमाथा, पठार असे पट्टे स्वतः आखा. आणि सगळीकडे पिक्सेल एकाच आकाराचा ठेवा. ९० मीटरवर कडे बोथट होऊन उतार कमी भरतो. गडचिरोलीच्या दाट जंगलात हे डीईएम जमिनीऐवजी झाडांच्या शेंड्यांच्या आसपासची उंची देतात, तिथल्या पाच-दहा मीटरच्या फरकावरून निष्कर्ष काढू नका.