'गिल्ट'ला मराठीत काय म्हणाल : अपराधगंड, खंत की आणखी काही?

रानमोगरा :
विधवा प्रथांवर काम करणाऱ्या एका गटासाठी छोटी पुस्तिका मराठीत आणतेय. अडलेय तीन शब्दांवर : गिल्ट, हीलिंग आणि शेअर्ड रिस्पॉन्सिबिलिटी. कच्च्या मसुद्यात अपराधगंड, उपचार आणि सामूहिक उत्तरदायित्व असं लिहिलंय. पुस्तिका बचतगटांत मोठ्याने वाचली जाणार आहे आणि हे तर शासकीय परिपत्रक वाटतंय. सुचवा.

चष्मिस :
'अपराधगंड' आधी काढा. न्यूनगंड, अहंगंड यांच्या पंगतीतला शब्द आहे तो. गंड म्हणजे मनातली गाठ, म्हणजे भावनाच गैरवाजवी, असं निदान त्यात आधीच करून टाकलेलं असतं. जिने खरोखर कुणाला दुखावलंय तिला अपराधगंड आहे म्हटलं की चूक बाजूला राहते आणि बाई पेशंट होते. 'अपराधी वाटतं' चालेल, पण तेही जरा शहरीच.

उंबरठा :
आमच्या कोल्हापूरकडच्या शिरोळ भागात 'मन खातंय' म्हणतात. हेरवाडच्या ग्रामसभेने मे 2022 मध्ये कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं, जोडवी काढणं बंद करायचा ठराव केला. त्याच महिन्यात शासनाने इतर ग्रामपंचायतींनाही तसं करायला सांगितलं. पुढे आमच्या गावात बायकांची बैठक झाली, तेव्हा साठीच्या एक काकू उठल्या. म्हणाल्या, "जावंच्या बांगड्या मीच फोडल्या. तिनं हात वढून घेटला, तर मी पाट्यावर दाबून धरला. आता भाकरी थापताना त्यो हात दिसतोय. लई मन खातंय." शेजारची म्हणाली, तुमची काय चूक, रीतच होती. तर काकू म्हणाल्या, "रीत हुती, पर हात माझा हुता."

चष्मिस :
मग तुमचा शब्द मिळालाच की, रानमोगराताई. फक्त जवळच्या शब्दांत गल्लत करू नका. गाडी चुकली तर चुटपुट लागते. दुसऱ्याचं नुकसान पाहून हळहळ वाटते. काही करायचं राहून गेलं की रुखरुख. टोचणी मात्र आपल्या हातून घडलेल्याची. 'खंत' यांच्यात वेगळी पडते, कारण ती वाटायला आपण स्वतः काही केलेलं असावंच लागत नाही. आजोबांनी विहिरीवर कुणाला पाणी भरू दिलं नाही, याची नातवाला खंत वाटू शकते. टोचणी म्हटलं तर ते ओढूनताणून वाटेल.

जुनी वही :
'प्रायश्चित्त' कसं वाटतं?

चष्मिस :
इथे नको. 1890 साली पुण्यात पंचहौद या ख्रिस्ती मिशनमध्ये चहा घेतला म्हणून ग्रामण्य, म्हणजे वाळीत टाकायचं प्रकरण, झालं. रानड्यांना शेवटी प्रायश्चित्त घ्यावं लागलं, टिळकांनी आपण ते काशीत घेतल्याचं सांगितलं. म्हणजे रूढी मोडणाऱ्याच्या माथी मारायची ती गोष्ट होती. रूढी पाळून जिने दुसरीला छळलं तिला कुणी प्रायश्चित्त सांगितल्याचं माझ्या तरी वाचनात नाही. शिवाय त्यात दक्षिणा देऊन मोकळं होण्याची सोय असते.

जुनी वही :
हे भटजींच्या पोथीतलं झालं. तुकोबा 'अनुतापीं न्हाय चित्त' यालाच प्रायश्चित्त म्हणतात. दक्षिणा नाही, मध्यस्थ नाही. एका वापरापायी शब्द टाकायचा का?

चष्मिस :
तुकोबांपुढे काय बोलणार! पण बचतगटात 'प्रायश्चित्त' ऐकलं की गोमूत्रच आठवणार, अभंग नाही.

रानमोगरा :
'मन खातंय' घेतलं. आता हीलिंग.

उंबरठा :
'उपचार' नको, ते डॉक्टर करतात. 'सावरणं' घ्या. पण सावरायचं कुणी, हे पुस्तिकेत आधी ठरवा. बैठकीनंतर त्या काकूंना मोकळं वाटलं, सगळ्यांनी त्यांचं कौतुकही केलं. जाऊबाई बैठकीला आल्याच नव्हत्या. बोलणारीचं मन हलकं होणं आणि जिचं लुटलं तिने सावरणं, ही दोन कामं आहेत. एकाच शब्दात कोंबली तर दुसरं राहून जातं. मसुद्यात 'स्वतःला माफ करा' असं काही असेल तर त्याआधी जाऊबाईंना हळदीकुंकवाला बोलवा, असं लिहा.

रानमोगरा :
आहे तसं वाक्य. पहिल्याच पानावर. खाली नेते. आणि 'सामूहिक उत्तरदायित्व'?

जुनी वही :
'जबाबदारी' पुरे. जबाब देणारा तो जबाबदार. 'दोषी'हून हा शब्द बरा, कारण ज्याने काही केलं नाही तोही जबाब द्यायला उभा राहू शकतो.

चष्मिस :
आणि 'सामूहिक'च्या जागी 'सामाईक'. सातबाऱ्यावरचा शब्द आहे, कुणाला समजावायला नको.

उंबरठा :
सामाईक समजेल, पण जपून. सामाईक विहिरीतून पाणी घ्यायच्या पाळ्या घराघराला पाठ असतात, गाळ काढायची वेळ आली की मात्र बारभाईंचा कारभार. म्हणून शब्द लिहा आणि पुढे नावनिशी कामंही लिहा. मयताच्या दिवशी बांगड्या फोडायला पुढे होणाऱ्या बाईला कोण थांबवणार, सासऱ्यांशी कोण बोलणार, तेराव्याला आहेर कोण करणार. आमच्याकडे पहिल्या कामाला तिघी तयार झाल्या. सासऱ्यांशी बोलायला पुरुष माणूस हवा, तो अजून मिळालेला नाही.