सोसायटी ग्रुप: ॲप घेतलं, पण गेम कुठे आहेत?

बी-२०२: नमस्कार मंडळी, एक मदत हवी होती. मुलं सुट्टीत मोबाइलवर जे गेम खेळतात त्यात दर दोन मिनिटांनी जाहिरात, नाहीतर "नाणी विकत घ्या". म्हणून ह्यांनी काल जुने गेम चालवणारं एक ॲप घेतलं, लेमुरॉइड नावाचं. उघडलं तर आत एकही गेम नाही! पैसे भरल्यावर दिसतात का?

सी-५०३: नाही हो ताई, एक रुपयाही भरू नका. लेमुरॉइड फुकट आहे आणि त्यात जाहिराती नाहीत. ते रिकामंच येतं. आपल्या लहानपणी टीव्हीला जोडायचा गेमचा डबा असायचा आणि कॅसेट वेगळी, आठवतं? ॲप म्हणजे तो डबा. कॅसेट आपण द्यायची.

बी-६०१: कॅसेट! आम्ही चाळीतली पोरं वर्गणी काढून डबा तासाच्या भाड्याने आणायचो. चालली नाही की कॅसेट काढून फुंकर मारायची. काँट्रा गेमला वर वर खाली खाली डावं उजवं डावं उजवं बी ए, की तीस जीव. अजून बोटांना पाठ आहे.

बी-२०२: मग कॅसेट मोबाइलमध्ये कशी घालायची?

सी-५०३: कॅसेटच्या आत एक चिप असायची आणि तिच्यावर गेम. त्या चिपवरचा सगळा मजकूर जसाच्या तसा एका फाइलमध्ये उतरवला की तिला रॉम म्हणतात. जुन्या डब्यातला प्रोसेसर ती चिप वाचून जे करायचा, तेच काम ॲप फोनमध्ये सॉफ्टवेअरने करतं, म्हणून त्याला इम्युलेटर म्हणतात. आपल्याकडचे बहुतेक डबे निन्टेन्डो या जपानी कंपनीच्या १९८३ सालच्या फॅमिकॉम या गेम यंत्राच्या नकला होत्या, त्यामुळे त्या गेमच्या फाइल आजही एकाच प्रकारच्या असतात आणि नावाच्या शेवटी डॉट एनईएस असतं. गेम बॉय म्हणजे त्यांचंच हातात धरायचं यंत्र, त्याची फाइल डॉट जीबी, गेम बॉय ॲडव्हान्सची डॉट जीबीए. आकार बघून आश्चर्य वाटेल. १९८५ चा अख्खा सुपर मारिओ साधारण ४० किलोबाइटचा आहे. सकाळी ग्रुपवर येणारा "सुप्रभात"चा एक फोटो त्याहून मोठा असतो. इतक्या कमी जागेत त्या लोकांनी काय काय बसवलं होतं, याचं मला आजही कौतुक वाटतं.

सी-५०३: आता कृती. फोनच्या फाइल्स ॲपमध्ये जाऊन एक नवा फोल्डर करा, नाव द्या "गेम्स". गेमची फाइल त्यात ठेवा. मग लेमुरॉइड उघडलं की ते फोल्डर विचारतं, तेव्हा हा "गेम्स" दाखवा आणि परवानगी द्या. ते स्वतः सगळं चाळतं आणि सापडलेले गेम पडद्यावर मांडतं. पुढे नवीन फाइल टाकलीत तर सेटिंग्जमधून पुन्हा एकदा चाळायला सांगायचं.

बी-२०२: करून बघते. फाइल कुठून आणायची तेही सांगा.

सी-५०३: सांगते, तो मोठा विषय आहे. दहा मिनिटं द्या, कुकर उतरवते.

सेक्रेटरी: मध्येच लिहितो, माफ करा. उद्या सकाळी १० ते १ गच्चीवरची टाकी धुणार आहेत. पाणी भरून ठेवा. बाकी चर्चा चालू द्या, चांगली आहे.

ए-१०४: मला एक शंका आहे. अशा अनोळखी फाइल फोनमध्ये घेणं सुरक्षित आहे का? हल्ली लग्नपत्रिका म्हणून, वाहतुकीचं चलन म्हणून एपीके, म्हणजे ॲप बसवायची फाइल, पाठवतात आणि उघडलं की बँकेतले पैसे जातात. लहान मुलांच्या हातात फोन असताना हे फार धोक्याचं आहे.

सी-५०३: काका, अगदी मुद्द्याचं बोललात. रॉमची फाइल म्हणजे नुसता डेटा. ती स्वतःहून फोनवर बसत नाही, इम्युलेटर ती वाचतो एवढंच. पण गेमच्या नावाखाली जे एपीके मिळतं ते स्वतः एक ॲप असतं, आणि फसवं असेल तर बसलं की एसएमएस वाचायची परवानगी मागतं. तिथून ओटीपी गेला. म्हणून घरात एकच नियम ठेवा. ॲप फक्त प्ले स्टोअरवरून किंवा ॲपलच्या ॲप स्टोअरवरून. गेम म्हणून एपीके किंवा ईएक्सई आलं तर न उघडता डिलीट. झिप, म्हणजे फाइलींचं गाठोडं, आलं तर फोनच्या फाइल्स ॲपमध्येच उघडून आत काय आहे ते बघायचं. आणि चुकून कुणाचे पैसे गेलेच तर क्षणाचाही वेळ न घालवता १९३० ला फोन करायचा.

ए-१०४: धन्यवाद. हे मी मुलीच्या ग्रुपवरही पाठवतो.

बी-२०२: ताई, अडलं. तोवर हाताशी असलेली गेमची एक फाइल मी डाउनलोडमध्ये ठेवली होती, तोच फोल्डर दाखवला तर फोन म्हणतो हा फोल्डर वापरता येणार नाही, दुसरा निवडा. खालचं बटणही फिकट झालंय, दाबलंच जात नाही.

सी-५०३: बरोबर, इथे बहुतेक जण अडतात. ॲप बिघडलेलं नाही. अँड्रॉइड ११ पासून गूगलने ॲपला असं फोल्डर दाखवताना अख्खा डाउनलोड फोल्डर किंवा फोनची अख्खी मेमरी निवडायला बंदी केली आहे. तिथे आपली आधार-पॅनची कागदपत्रं, बँकेची स्टेटमेंटं पडलेली असतात ना, म्हणून. डाउनलोडच्या आतच "गेम्स" फोल्डर करा आणि तो उघडून मग परवानगी द्या. बटण लगेच चालू होईल.

बी-२०२: झालं!! आला एक. आयताकृती चित्र दिसतंय.

बी-६०१: आता माझं गाऱ्हाणं. मला मुस्तफा हवाय. दुसरं काही नको.

ए-१०४: हा कोण?

बी-६०१: काका, शाळेच्या मागच्या पार्लरमध्ये एक रुपयाचं नाणं टाकून खेळायचो तो गेम. डायनासोर, मोठी गाडी आणि पिवळी टोपीवाला मुस्तफा. धावत येऊन लाथ मारायचा. रांग लागायची त्या मशीनपुढे. ऑफिसमधल्या एकाने फाइल दिली, मी तिचं नाव "मुस्तफा" केलं, आणि आता ॲप ती ओळखतच नाही.

सी-५०३: दादा, त्याचं खरं नाव कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स. कॅपकॉम कंपनीचा, १९९३ चा. तो टीव्ही गेम नव्हताच, पार्लरच्या मशीनचा गेम आहे, आणि त्या मशीनमध्ये एक चिप नसायची, बोर्डावर अनेक चिपा असायच्या. प्रत्येक चिपेची एक फाइल आणि सगळ्या मिळून एक झिप. इम्युलेटर ती झिप ठरलेल्या नावानेच शोधतो. या गेमचं नाव आहे "डायनो". म्हणजे पार्लरच्या गेमची झिप सोडवून फाइली बाहेर काढायच्याही नाहीत आणि तिचं नाव बदलायचंही नाही. नाव बदललं की त्याच्या लेखी तो गेमच नाही. पण दुसरी गोष्टही स्पष्ट सांगते. तो गेम कॅपकॉमच्या मालकीचा आहे, त्यामुळे कृपा करून ती फाइल ग्रुपवर टाकू नका.

बी-६०१: तीस वर्षं होऊन गेली की! पार्लर बंद, मशीन भंगारात. आता कुणाचं काय नुकसान?

ए-१०४: इथे मी बोलतो, आयुष्यभर वकिली केली आहे. गेम जुना झाला म्हणून तो बेवारस होत नाही. आपला कॉपीराइट कायदा १९५७ चा, आणि संगणकाचा प्रोग्राम त्यात येतो. कलम ५२ मध्ये एक सवलत आहे. प्रोग्रामची प्रत ज्याच्याकडे कायदेशीर मार्गाने आलेली आहे, त्याला ती हरवू नये, खराब होऊ नये म्हणून राखीव प्रत काढता येते. सगळा भर "कायदेशीर मार्गाने" या शब्दांवर आहे. दुसऱ्याने दिलेली फाइल त्यात बसत नाही.

बी-६०१: मग माळ्यावर माझी "९९९९ इन १" कॅसेट आहे, ती?

ए-१०४: ती कॅसेट मूळ कंपनीने काढलेली होती का?

बी-६०१: नसावी काका. त्यात खरे गेम मोजकेच, तेच परत परत वेगळ्या नावाने.

सी-५०३: तशा कॅसेटी सगळ्या नकलाच होत्या, त्यामुळे त्या धरून चालत नाही. पण दादा, वाईट वाटून घेऊ नका. काँट्रासाठी रीतसर वाट आहे. तो बनवणाऱ्या कोनामी कंपनीने २०१९ मध्ये जुने काँट्रा एकत्र करून विकायला काढले, कॉम्प्युटरवर चालतात. मुस्तफाचं मात्र खरंच दुःख आहे. तो गेम एका कॉमिकवर बेतलेला, त्यात गाडीच्या कंपनीचं नाव, असे अनेकांचे हक्क गुंतलेत, आणि कॅपकॉमने तो घरच्या कुठल्याच यंत्रावर आणला नाही. आपल्याकडची अख्खी पिढी तो गेम विकत घ्यायला तयार होईल, पण विकणाराच नाही. कंपन्यांनी असे गेम कुलपात ठेवणं मला अजिबात पटत नाही. तरी सोसायटीच्या ग्रुपवर फाइल फिरवणं हा त्यावरचा उपाय नव्हे.

सी-१०१: मावशी, माझा आयफोन आहे. मित्र म्हणतो आयफोनवर हे चालतच नाही.

सी-५०३: पूर्वी चालत नव्हतं. एप्रिल २०२४ मध्ये ॲपलने नियम बदलला आणि जुन्या गेम यंत्रांच्या इम्युलेटरना ॲप स्टोअरवर परवानगी दिली. त्याच महिन्यात डेल्टा नावाचं इम्युलेटर आलं. तेच घे, फुकट आहे. त्यात फोल्डर दाखवायची भानगड नाही. वर अधिकचं चिन्ह दाब, फाइल्स निवड, गेमवर बोट ठेव, संपलं. फाइल आधी फोनच्या फाइल्स ॲपमध्ये उतरवलेली हवी.

सी-१०१: आणि टेकेन ३? दादाकडे खरी सीडी आहे, दुकानातून घेतलेली.

सी-५०३: तो सोनीच्या प्लेस्टेशन यंत्राचा गेम, डेल्टामध्ये नाही चालणार, रेट्रोआर्क हे दुसरं इम्युलेटर लागेल. तेही आता ॲप स्टोअरवर आहे. सीडीवरून काढलेल्या गेमच्या निदान दोन फाइल होतात. मोठी बिन फाइल म्हणजे गेम, आणि छोटी क्यू फाइल म्हणजे सीडीवर कुठला भाग कुठे आहे त्याची यादी. दोन्ही एकाच फोल्डरमध्ये लागतात आणि ॲपला क्यू दाखवायची असते. क्यू फाइल साध्या नोटपॅडमध्ये उघडून बघ, तिच्यात बिनचं नाव लिहिलेलं दिसेल. बिनचं नाव बदललंस आणि क्यूमध्ये जुनंच राहिलं तर गेम चालू होणार नाही. शिवाय प्लेस्टेशनला सहसा बायोस लागतो, म्हणजे त्या यंत्राचा स्वतःचा प्रोग्राम. तो सोनीचा आहे, त्यामुळे तोही इंटरनेटवरून उचलायचा नाही, आपल्या यंत्रातून काढायचा. हा सगळा खटाटोप सुट्टीच्या शेवटी कर. आधी साधे गेम चालव.

बी-२०२: साधे गेम म्हणजे कुठले? मी तेच विचारत होते.

सी-५०३: हो ताई, आता तुमचं. फार थोड्या लोकांना माहीत असतं, पण या जुन्या यंत्रांसाठी आजही नवे गेम बनतात. हौशी लोक बनवतात आणि बरेच जण स्वतःच्या हाताने फुकट देतात. त्याला होमब्रू म्हणतात. मुलांना "टोबू टोबू गर्ल" द्या. गेम बॉयसाठी २०१७ मध्ये आला. एका मुलीची मांजर आकाशात गेलेली असते आणि ती ढगांतून उड्या मारत तिला आणायला वर जाते. वेळ संपायच्या आत, म्हणून पोरं अगदी डोळे लावून खेळतात. दुसरा "नोव्हा द स्क्विरल", निन्टेन्डोच्या डब्यासाठीचा, मारिओसारखा धावायचा, त्यात खारूताई आहे. दोन्हींचा सोर्स कोड, म्हणजे बनवणाऱ्यांनी लिहिलेला मूळ प्रोग्रामसुद्धा खुला आहे. मोठी मुलं तो वाचून शिकू शकतात. टोबू टोबू गर्ल इच डॉट आयओ या साइटवर बनवणाऱ्यांच्या स्वतःच्या पानावर मिळेल. तिथूनच घ्या, दुसऱ्या कुणी "हजार गेम एकत्र" म्हणून दिलेलं गाठोडं नको.

बी-२०२: घेतला. डॉट जीबी आहे, गेम्समध्ये ठेवला. पुन्हा चाळलं. आला!! धाकटी आत्ता हातातून फोन ओढतेय.

बी-२०२: जाहिरात खरंच नाही ताई. एकदाही नाही आली.

सी-५०३: येणारही नाही. त्या काळच्या घरच्या यंत्रांवर गेममधून पैसे मागायची सोयच नव्हती. म्हणून मला हे मुलांसाठी आवडतं. गेम हरला तर हरला, परत सुरू कर. आताच्या फुकट गेममध्ये मुद्दाम अडकवतात आणि मग पुढे जायला पैसे मागतात. सात वर्षांच्या मुलाला त्यातलं काय कळणार?

बी-६०१: पण काचेवरच्या बटणांवर उडी नीट बसत नाही. अंगठा घसरतो.

सी-५०३: ब्लूटूथचा कंट्रोलर जोडा, दोन्ही फोनवर चालतो. खरी बटणं हाताला लागली की फरक कळेल. पण आधी मुलांना पडद्यावरच खेळू द्या, आवडलं तर मग खर्च.

ए-१०४: नातू विचारतोय, मध्येच जेवायला बोलावलं तर गेम कुठे राहतो?

सी-५०३: काका, लेमुरॉइड बंद करताना आपोआप जागा लक्षात ठेवतं, परत उघडलं की तिथूनच सुरू. आमच्या वेळी असं नव्हतं, लाइट गेली की पहिल्यापासून. फक्त एक सांगून ठेवा त्याला. गेम चालू झाल्यावर त्या फाइलचं नाव बदलायचं नाही. साठवलेली जागा बहुतेक इम्युलेटर फाइलच्याच नावाने ठेवतात. नाव बदललं तर नातवाला वाटेल सगळं पुसलं गेलं. तसं झालंच तर जुनं नाव परत द्यायचं, जागा सापडते.

बी-६०१: ताई, माझ्या दोघांच्या फोनवर टोबू बसवून द्याल? आणि मला तो खारूताईचा.

सी-५०३: देते की. उद्या संध्याकाळी सहाला क्लब हाउसमध्ये बसते. ज्यांना हवंय त्यांनी फोन चार्ज करून या आणि त्यात थोडी जागा मोकळी ठेवा. मुलांनाही आणा. फोल्डर करायचा, फाइल ठेवायची आणि ॲपला दाखवायची, एवढं त्यांच्याच हातून करून घेऊ.

सेक्रेटरी: क्लब हाउसची किल्ली वॉचमनकडे ठेवतो. आणि पुन्हा एकदा, उद्या १० ते १ पाणी नाही.