वाहन पळून गेले तरी हक्क संपत नाही

धडक देणाऱ्या वाहनाचा क्रमांक मिळाला नाही तर मृताच्या कुटुंबाला काहीच मिळत नाही, हा समज बरोबर नाही, आणि याच गैरसमजामुळे अनेक कुटुंबे अर्जदेखील करत नाहीत याचे फार वाईट वाटते. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६१ खाली, अज्ञात वाहनाच्या धडकेने मृत्यू झाल्यास २ लाख आणि गंभीर दुखापत झाल्यास ५० हजार रुपये मिळतात. १ एप्रिल २०२२ पूर्वी हे आकडे २५ हजार आणि साडेबारा हजार होते. अपघात ज्या तालुक्यात किंवा उपविभागात झाला तेथील दावा चौकशी अधिकाऱ्याकडे, म्हणजे तहसीलदार किंवा उपविभागीय अधिकाऱ्याकडे, अर्ज करायचा असतो.

कमावता माणूस गमावलेल्या घराला ही रक्कम अपुरीच आहे. तरीही ती मिळायलाच हवी. महिनाभरात वाहनाचा तपशील मिळाला नाही, तर पोलिसांनी वारसांना या योजनेची लेखी माहिती द्यावी, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये दिला आहे. तसे पत्र आले नसेल, तर नातेवाइकांनी ठाण्यात जाऊन ते आग्रहाने मागावे.